सुरात लावलेली गिटार

मिल्या, तू गेल्यावर तिसऱ्या दिवशी मी तुझी गिटार सुरात लावून टाकली.

वाक्य किती सज्जन वाटतं बघ. मित्र गेला, मित्राने मागे राहून त्याचं काहीतरी केलं. प्रत्यक्षात काय झालं ते तुला सांगतो, कारण तू असतास तर सगळ्यात आधी तुलाच सांगितलं असतं आणि तू पोट धरून हसला असतास.

तुझं घर माणसांनी भरलेलं. बायका आत, पुरुष बाहेर चटईवर, आणि कुणी कुणाशी काय बोलावं ते कळत नव्हतं. तुझ्या दादाने मला दोनदा विचारलं, "घोडबंदरहून आलात ना, ट्रॅफिक होतं का?" मी दोन्ही वेळा म्हटलं, होतं. अशा वेळी हातांचं काय करायचं हे मला कधीच सुचत नाही. फ्रिजच्या बाजूला तुझी गिटार उभी होती. तारा इतक्या सैल की त्यांच्यावर रुमाल वाळत घालावेत. मला वाटलं, बिचारी, तुझ्या हॉस्पिटलच्या धावपळीत हिच्याकडे कुणी बघितलं नसेल. माझ्या मोबाइलवर तारा जुळवायचं अ‍ॅप आहे. काटा मधोमध आला की हिरवा दिवा लागतो. एकेक खुंटी पिळत गेलो. सहाही तारा हिरव्या झाल्या. वर मला समाधानही वाटलं. लोक फोटोला हार घालतात, मी हे केलं, असं काहीतरी.

तुझी जुई चहाचा ट्रे घेऊन बाहेर आली. ट्रे तिथेच टेकवला. माझ्या हातातून गिटार घेतली, तू शिकवलेलं तसं एक बोट तारांवर आडवं टाकलं आणि वाजवलं. जो आवाज आला तो स्वच्छ होता, आणि कुठल्याच गाण्याचा नव्हता.

"काका, काय केलंत?"

"सुरात लावली गं. पार उतरलेली."

"उतरलेली नव्हती. बाबांची तशीच असायची."

आतून वैशाली वहिनींचा आवाज आला, "राहू दे जुई. त्यांना माहीत नव्हतं."

मिल्या, शिव्या चालल्या असत्या. तुझ्या दादाने चटईवरून उठून कानाखाली मारली असती तरी चाललं असतं. पण 'त्यांना माहीत नव्हतं'? शाळेपासून तुझ्या घरी येणारा मी, मला माहीत नव्हतं. आणि खरंच नव्हतं.

ज्या गाण्यासाठी ती गिटार तशी असायची, त्याचं खापर तुझ्या मामावर फोडायला हवं. मामा बोटीवर होता. कुठल्याशा बंदरातून त्याने एक कॅसेट आणलेली, वर ना नाव ना चित्र. आपण कॉलेजात होतो. तुमच्या डोंबिवलीच्या घरात खिडक्या लावून आपण ती ऐकायला बसलो. पहिली दोन गाणी म्हणजे नुसती आदळआपट. मी म्हटलं, टेप खराब आहे. आणि मग ते लागलं. तीन मिनिटांचंही नसेल. गिटार म्हणजे पत्र्यावर गारा पडाव्यात तशी, आणि त्या गारांत एक पोरगा फाटक्या आवाजात प्रेमाबद्दल काहीतरी सांगत होता. आपल्याला इंग्रजी यायचं ते पाठ्यपुस्तकातलं. त्याचं निम्मं कळलं नाही. एवढंच कळलं की त्याचं कुणावर तरी प्रेम आहे आणि त्याला ते अजिबात झेपत नाहीये.

तू रिवाइंड केलंस. परत ऐकलंस. मग म्हणालास, "नंद्या, हा घाबरलाय. म्हणून ओरडतोय."

मी म्हटलं, "घाबरलेला माणूस गाणं कशाला म्हणेल?"

"तेच तर. आपल्याकडे माणूस आधी नीट शिकतो, रियाज करतो, मग प्रेमाचं गाणं म्हणतो. तोवर तिचं लग्न होतं."

त्या एका दुपारी तुझं आयुष्य ठरलं असं मी म्हटलं तर तू मला नाटकी म्हणशील. पण ठरलं. गाता येत नसेल तरी म्हणायचं, वाजवता येत नसेल तरी वाजवायचं, आणि घाबरलायस ते लपवायचं नाही, हे तू त्या कॅसेटवरून घेतलंस आणि शेवटपर्यंत सोडलं नाहीस. मी काय घेतलं? मी बास घेतला, कारण त्याला तारा कमी असतात. हा निर्णय मी पूर्ण विचार करून घेतलेला, यावरून माझ्या विचारांची खोली कळावी.

पुढे इंटरनेट आलं आणि कळलं की ते गाणं जगभर गाजलेलं आहे, पोरं त्याचे टी-शर्ट घालतात, विद्वान त्यावर लेख लिहितात. केवढा चिडलेलास तू! तुला वाटायचं, ते फक्त डोंबिवली पूर्वेला माहीत आहे.

आपला वाद मात्र पहिल्या दिवसापासूनचा. मी म्हणायचो, हे मुळात दुःखी गाणं आहे. जरा हळू घे, माणसं रडतील. तू म्हणायचास, "हळू घेतलं की तो पोरगा शहाणा होतो. शहाण्यांचं ऐकायला रेडिओ आहे." चहाच्या टपरीवर, तुझ्या लग्नाच्या पंगतीत, माझ्या वडिलांच्या ऑपरेशनच्या वेळी बाहेरच्या बाकड्यावर, आपण हाच वाद घातला. तो संपला नाही. एकदा तुझ्यासारखं आणि एकदा माझ्यासारखं वाजवून बघू असं ठरलेलं. मग माझं घोडबंदर, तुझी डोंबिवली, मधे शीळफाट्याचं ट्रॅफिक. ठाण्याहून डोंबिवलीला पोहोचेपर्यंत माणसाचा कुठल्याच वादात रस उरत नाही.

सोसायटीच्या गणपतीतला आपला पहिला आणि शेवटचा कार्यक्रम मी लोकांना इतक्या वेळा सांगितलाय की आता तो घडला त्यापेक्षा बराच सुधारलाय. तुला खरा माहीत आहे, तेव्हा खराच सांगतो. ड्रमवर तिसऱ्या मजल्यावरचा सतीश, जो पुढे बहारीनला गेला. आवाजाचं सामान शीळफाट्याकडच्या एका गावातल्या बँजो पार्टीकडून मागून आणलेलं. गाणं सुरू झालं आणि माझा बास ऐकूच येईना. मी वाजवता वाजवता मागे वाकलो आणि माझी पिन दुसऱ्या बोर्डात खुपसली. तो बोर्ड गणपतीच्या मागच्या फिरत्या चक्राचा होता. ठो! चक्र, दिवे, माइक, सगळं गेलं. अंधारात दीडशे माणसं सवयीने ओरडली, "गणपती बाप्पा मोरया!"

आणि तू थांबला नाहीस. तुझी गिटार मुकी झाली होती, माइक मेला होता, सतीश काठ्या शोधत होता, आणि तू नुसत्या गळ्याने, फाटक्या आवाजात, ते गाणं पूर्ण केलंस. आपल्यानंतर भावगीत म्हणणार होती ती वैशाली, पेटीवाल्याशेजारी, साडीचा पदर सांभाळत उभी. दिवे आल्यावर तिने तुला सुनावलं, "हे गाणं नाही, भांडण आहे." लग्नानंतर कधीतरी मी वहिनींना विचारलेलं, मग याच्यात तुम्ही पाहिलंत काय? त्या म्हणाल्या, "दिवे असते तर मी हसले असते, भावजी. अंधारात हसता आलं नाही."

म्हणजे फ्यूज मी उडवला नसता तर तुझा संसार झाला नसता. हे मी तुझ्या प्रत्येक वाढदिवसाला सांगायचो आणि तू दर वेळी पहिल्यांदा ऐकल्यासारखा हसायचास. मिल्या, आता हा किस्सा मी कुणाला सांगू? लोक हसतात. पण तो तुझ्यासमोर सांगायचा किस्सा होता.

सामान परत द्यायला गेलो तेव्हा बँजो पार्टीचा म्होरक्या म्हणाला, "दादूस, यो गाना आमाला शिकव." आपल्याला वाटलं, चेष्टा करतोय. पण तू पुढच्याच रविवारी जाऊन शिकवलंस. मग कितीतरी वर्षं कल्याणच्या विसर्जनाच्या मिरवणुकीत दोन कोळीगीतांच्या मधे ते घाबरलेल्या पोराचं गाणं वाजायचं. गुलालात माखलेली माणसं त्यावर नाचायची, हातात नारळ घेतलेल्या म्हाताऱ्या माना डोलवायच्या, आणि त्यांच्यातल्या कुणालाही माहीत नव्हतं की हे कुठून आलंय. तू फुटपाथवर उभा राहून ऐकायचास आणि माझ्याकडे बघायचास. "बघ," म्हणायचास, "कुणी हळू वाजवत नाहीये." आता बँजोही गेला. ट्रकवर डीजे असतो.

मग वागळे इस्टेटमधला तो कारखाना. तू प्रेसवर होतास, पत्र्याचे भाग ठोकून काढणाऱ्या त्या मशीनवर, आणि तिने तुझ्या डाव्या हाताची करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट घेतलं. मी हॉस्पिटलात धावत आलो. पिशवीत मोसंबी, तोंडात वाक्य तयार. सगळे तेच म्हणत होते म्हणून मीही म्हटलं, "डाव्या हातावर निभावलं रे. देवाची कृपा." तू माझ्याकडे बघत राहिलास. गिटारवाल्याच्या सुरांच्या जागा डावाच हात धरतो हे माझ्या लक्षात येईपर्यंत तू इतका हसत सुटला होतास की नर्सने मला बाहेर काढलं. वहिनी बाहेर बाकावर रडत होत्या. त्यांना वाटलं, तुला वेड लागलं.

मला वाटलं होतं, संपलं. पण तू गिटारच्या तारा मुद्दाम उतरवल्यास, हे मला जुईने सांगितलं तेव्हा कळलं. कशा, किती, ते कुणाला सांगितलं नाहीस. एक बोट आडवं टाकलं की सगळ्या तारांचा मिळून एक सूर निघेल अशा बेताने तू त्या सैल केल्यास आणि ते गाणं त्या एका बोटावर आणलंस. बाकीची सगळी गाणी गेली. हे एवढंच राहिलं, कारण मुळात ते फार काही येत नसलेल्या पोरांनी केलेलं होतं. "बघ," म्हणालास, "यांनी माझी सोय आधीच करून ठेवलेली."

रोज कामावरून आलास की हातपाय धुऊन तू ते एकदा वाजवायचास. एकदाच. काही घरांत त्या वेळी देवाजवळ दिवा लावतात. तुमच्या घरात वहिनींचा कुकर आणि तुझं ते गाणं. आधीपेक्षा जाड, घोगरं, जरासं तिरकं. मी आलो असलो की म्हणायचो, "बेसूर आहे रे मिल्या."

तू म्हणायचास, "कुणाच्या मानाने?"

 त्याचं उत्तर मी दिलं बघ शेवटी. अ‍ॅप काढलं, सहा हिरवे दिवे लावले, आणि वाद जिंकला. फक्त तू जायची वाट बघावी लागली.

जुईला तू हल्लीच शिकवायला घेतलं होतंस हेही मला त्या चटईवर कळलं. तुझा आजार सुरू व्हायच्या आधी. तिला म्हणालास म्हणे, "एकच बोट लाव. बाकीची खिशात ठेव, आपल्या घरात ती लागत नाहीत." तिला अजून अर्धंच यायचं. पण बोट टाकलं की ते बाबांसारखं वाजायचं, शिकली नसली तरी वाजायचं, कारण तू तारांतच ते ठेवून गेला होतास. तू गेल्यावर पहिले दोन दिवस ती आत बसून तेवढंच करत होती. बोट टाकायचं, एकदा वाजवायचं, ऐकायचं. तिसऱ्या दिवशी मी आलो.

मी तिला म्हटलं, काळजी करू नकोस, परत लावून देतो. सोपं आहे. ठाण्यात एका गिटारच्या दुकानात गेलो. तिथला पोनीटेलवाला म्हणाला, "अंकल, एक बोटवाली ट्यूनिंग ना? कॉमन आहे. इंटरनेटवर दहा मिळतील." त्याने लिहून दिली. मी डोंबिवलीला जाऊन तशी लावली. जुईने बोट टाकलं. सूर जुळत होता. तिने मान हलवली. दुसरी लावली, मान हलवली. तिसरी. चौथीला ती म्हणाली, "काका, हे सगळं बरोबर आहे. बाबांचं असं बरोबर नव्हतं." मग म्हणाली, "थँक यू," आणि ते 'थँक यू' इतकं सभ्य होतं की मी चहा न घेताच जिना उतरलो.

घरी येऊन मी माळ्यावरचा बास काढला. म्हटलं, माझा भाग तर मला येतो, त्याच्यावरून तुझा शोधून काढू. मी तुझ्याबरोबर वाजवलेलं सगळं, जसंच्या तसं, सुरुवातीपासून वाजवलं. आमची ही स्वयंपाकघरातून ओरडली, "अहो, टाकीची मोटर चालू राहिलीये का बघा!" मिल्या, बास एकट्याने वाजवला की गाणं ओळखूच येत नाही. नुसती घरघर. माझ्याकडे त्या गाण्याचा अर्धा भाग आहे असं मी आयुष्यभर समजत होतो. माझ्याकडे मोटर आहे.

आणि मग दहावा.

खाडीकाठच्या घाटावर आपल्या आधी दोन आणि मागे तीन कुटुंबं. गुरुजी घाईत. पिंड ठेवला, सगळे मागे सरले. समोर वडावर कावळे बसलेले, आठ-दहा तरी. एकही हलेना. शेजारच्या पिंडावर तुटून पडले, आपल्याकडे मान वाकडी करून बघून गेले. गुरुजी म्हणाले, "मनात काही राहिलं असेल त्यांचं, बोला कुणीतरी."

दादा पुढे झाले. हात जोडून म्हणाले, "मिलिंद, जुईच्या लग्नाचं सगळं आम्ही बघू." जुई दातांत म्हणाली, "लग्न कशाला मधे आणताय?" कावळा आला नाही. वहिनी म्हणाल्या, "मी नीट राहीन. वेळेवर जेवेन." नाही. दादा म्हणाले, "गावच्या घराचा तुझा वाटा तुझ्या मुलीला देऊ." आता कावळ्यापेक्षा दादांची बायको जास्त हलली. पण कावळा नाही. ऊन चढलं. मागच्या कुटुंबातला एक माणूस घड्याळ बघायला लागला. गुरुजी दर्भाचा कावळा करायच्या तयारीला लागले आणि म्हणाले, "कुणी मित्र आहेत का? कधीकधी मित्रांना ठाऊक असतं."

सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं.

मला ठाऊक काहीच नव्हतं, ते एव्हाना सिद्ध झालेलं. पण माणसांसमोर उभं केलं की मी बोलतो, हा माझा आजार आहे. मी पुढे गेलो, हात जोडले आणि मोठ्याने म्हणालो, "मिल्या, तुझी गिटार जशी होती तशी लावून देईन. जुईला तुझं गाणं येईल. शब्द देतो."

वाक्य पुरतं संपलंही नव्हतं. कावळा खाली आला, भात घेतला आणि गेला.

सगळ्यांनी सुटल्यासारखा श्वास सोडला. दादांनी माझ्या पाठीवर हात ठेवला. गुरुजी म्हणाले, "चला, झालं." वहिनींनी डोळ्यांना पदर लावला. फक्त जुई कावळ्याकडे बघत नव्हती. ती माझ्याकडे बघत होती, कारण मी चार वेळा प्रयत्न करून हरलोय हे तिथे फक्त तिला माहीत होतं.

कावळ्यांना हुशार म्हणतात. त्याने माझ्यावर विश्वास ठेवला. किंवा तू ठेवलास. तू आयुष्यभर ठेवत आलास, कशाच्या आधारावर ते तुलाच माहीत.

घाटावर दिलेला शब्द आहे, त्यामुळे आता सुटका नाही. शेवटी मी वहिनींना विचारलं. त्यांचा कान तयार आहे. भावगीत सोडलं तरी तंबोऱ्याची एक तार हललेली त्यांना स्वयंपाकघरातून कळते. म्हटलं, तुम्ही तर रोज ऐकत होतात, तुम्ही सांगा, कुठे होता सूर. त्या गिटारसमोर बसल्या. डोळे मिटले. जुईने खुंटी हळूहळू सैल केली. "थांब," त्या म्हणाल्या. मग म्हणाल्या, "नाही, अजून खाली." मग, "नाही, जास्त झालं." बराच वेळ असं चाललं. मग त्यांनी डोळे उघडले.

"मला नाही आठवत."

"वहिनी, असं कसं?"

"कुकरकडे लक्ष असायचं ना, भावजी. रोजचंच होतं. मी कुठे ऐकत होते?"

त्या उठून आत गेल्या. नळ चालू झाला. भांडी घासल्याचा आवाज मात्र आला नाही.

तुझं वाजवणं रेकॉर्ड करून ठेवायला तूच सगळ्यांना मनाई केलेलीस. "रेकॉर्ड केलं की लोक ते हळू करून ऐकतात," म्हणायचास, माझ्याकडे बघून. जुईच्या मोबाइलमध्ये नाही, वहिनींच्या नाही. आणि मग गेल्या रविवारी, घोडबंदरला पुलाच्या कामाशेजारी बसमध्ये अडकलेलो असताना, मला एकदम आठवलं. माझ्याकडे आहे! दिवाळीनंतर मी तुमच्याकडे आलेलो तेव्हा गुपचूप व्हिडिओ काढलेला. मोबाइल टेबलावर, पाण्याच्या तांब्याला टेकवून. घरी गेल्यावर विसरून गेलो.

मी बसमधूनच जुईला फोन केला. "सापडलं! बाबांचं गाणं आहे माझ्याकडे, पूर्ण आहे, सुरुवातीपासून!" आधी स्वतः ऐकून मग सांगावं, एवढी साधी अक्कल कुणालाही असते. मला एकट्याने ऐकायचा धीर नव्हता. आणि चांगली बातमी माझ्या तोंडात कधी थांबली आहे?  जुई एवढंच म्हणाली, "या लवकर." तू गेल्यापासून तिच्या आवाजात असं काही मी ऐकलं नव्हतं.

वाटेत मी ठरवूनही टाकलं. सूर मिळणार. ती शिकणार. मी बास घेऊन येईन, एकदा तुझ्यासारखं वाजवू, एकदा माझ्यासारखं, आणि वाद तिने मिटवायचा. मी तर शीळफाट्यालाही वैतागलो नाही.

टेबलाशी बसलो. वहिनीही आल्या. मी मोबाइल मधे ठेवला आणि लावलं.

तू दिसलास. बनियनवर, केस ओले. मांडीवर गिटार. तो डावा हात. तू बोट टाकलंस, उजवा हात खाली आला, आणि त्याच क्षणी माझा आवाज सुरू झाला.

"अरे आज काय झालं माहितीये का शीळफाट्याला! एक टँकर आडवा, त्याच्या मागे लग्नाची बस, आणि तो हवालदार मलाच विचारतो, साहेब आता हे कसं काढू? म्हटलं, बाबा, मी रिक्षात बसलोय..."

मोबाइल माझ्या पुढ्यातच होता. माझा शब्द न् शब्द ऐकू येतो. टँकर, बसमधला नवरदेव खाली उतरून लघवीला जातो, त्याच्या मुंडावळ्या, सगळं. तुझी गिटार त्याच्या मागे कुठेतरी आहे. आहे एवढं कळतं, पलीकडच्या बिल्डिंगमध्ये कुणी वाजवत असावं तशी. एकदा तू मान वर करून माझ्याकडे बघतोस, हसतोस, आणि वाजवत राहतोस.

त्या गाण्यात मधोमध एक जागा आहे, जिथे सगळं एकदम थांबतं आणि पोरगा श्वास घेतो. तिथे तू थांबलास. आणि मिल्या, नेमका तिथेच मीही थांबलो. पाणी प्यायला. त्या शांततेत कुकरची शिट्टी स्वच्छ ऐकू येते. मग तू सुरू केलंस. मग मी सुरू केलं.

गाणं संपलं. माझं अजून थोडा वेळ चालू होतं.

जुईने परत लावलं. या वेळी मोबाइल उचलून कानाला लावला, दुसरा कान हाताने बंद केला, डोळे मिटले. परत लावलं. वहिनी ऐकत नव्हत्या. जुईच्या कानाजवळ वाकून त्या नुसत्या पडद्यावरच्या तुझ्या हाताकडे बघत होत्या. जुईने एका हाताने गिटार ओढून खुंटीवर बोटं ठेवली, थोडी पिळली, थांबली, माझ्या टँकरमधून तुला शोधायला लागली. परत लावलं. मुंडावळ्या. परत. तिच्या कपाळावर आठी आलेली, तुझ्यासारखी.

मला ते बघवेना. काहीतरी बोलायला हवं असं वाटलं. मी म्हटलं, "जुई, अगं त्या दिवशी ना, खरं सांगायचं तर ट्रॅफिक इतकं होतं की मला..."

तिने मोबाइल कानावरून काढला नाही. डोळेही उघडले नाहीत.

"काका, आता तरी गप्प बसा."